वाचकांचे प्रश्न : इसेची देवस्थाने आणि फुतामीचा किनारा, एका दिवसात

जपानच्या मिए प्रांतातील इसे-शिमा परिसरात एका दिवसाची सहल कशी आखावी, याविषयी आलेल्या पत्रांपैकी सहा पत्रांना या वेळी उत्तरे देत आहे.

प्रश्न : आम्ही पती-पत्नी येत्या वसंतात जपानला जाणार असून नागोया येथे आमचा तीन रात्री मुक्काम आहे. त्यातील एक दिवस इसेची शिंतो (जपानच्या मूळ धर्माची) देवस्थाने आणि जवळचा समुद्रकिनारा यांसाठी राखून ठेवला आहे. इंग्रजी बोलणाऱ्या मार्गदर्शकासह दिवसभराच्या सहली उपलब्ध आहेत, परंतु त्यांचे दर पाहता आपले आपण रेल्वेने जावे, असेही वाटते. मार्गदर्शक खरोखर लागतो का?

उत्तर : देवस्थानांसाठी लागतो आणि समुद्रासाठी लागत नाही, असे माझे मत तेथे तीन वेळा जाऊन आल्यानंतर झाले आहे. इसेच्या देवस्थानात डोळ्यांना दिसते ते फार थोडे, आणि त्याविषयी सांगण्यासारखे मात्र पुष्कळ. मूर्ती नाही, रंगकाम नाही, कोरीव खांब नाहीत. उंच झाडी, पायाखाली गोट्यांची वाट, लाकडी कुंपण आणि त्यावरून डोकावणारे गवताचे छप्पर, एवढेच समोर येते. त्या छपराच्या दोन्ही टोकांना फुलीसारख्या वर निघालेल्या लाकडांची टोके बाहेरच्या देवस्थानात उभी छाटलेली आणि आतल्या देवस्थानात आडवी छाटलेली असतात, किंवा छपरावर आडवे ठेवलेले ओंडके एका ठिकाणी ९ आणि दुसऱ्या ठिकाणी १० असतात, हे कोणी बोट दाखवून सांगितल्याशिवाय लक्षात येत नाही. पहिल्या वेळी मी एकट्याने गेलो, तेव्हा दीड तास हिंडून झाडे पाहून परत आलो. दुसऱ्या वेळी सोबत जाणता माणूस होता आणि तेवढ्याच वाटेला तीन तास पुरले नाहीत.

आधी रचना समजून घ्यावी. ज्याला आपण इसेचे मंदिर म्हणतो त्याचे अधिकृत नाव नुसते ‘जिंगू’ असे आहे आणि त्यात लहानमोठी १२५ देवालये येतात. त्यांपैकी दोन प्रमुख. ‘गेकू’ म्हणजे बाहेरचे देवस्थान, तेथे अन्न-वस्त्र-निवाऱ्याची देवता तोयोउके. आणि ‘नाइकू’ म्हणजे आतले देवस्थान, तेथे सूर्यदेवता अमातेरासु, जिला जपानचे राजघराणे आपली मूळदेवता मानते. या दोहोंमध्ये काही किलोमीटरचे अंतर असून बसने पाऊण तासाच्या आत सहज जाता येते. आधी गेकू आणि मग नाइकू हा तेथील रिवाज आहे. वेळ वाचवण्यासाठी पुष्कळ सहलींमधून नेमके गेकूच गाळले जाते. म्हणून पैसे भरण्यापूर्वी कार्यक्रमपत्रिकेत गेकूचे नाव आहे का, हे पाहावे. गेकूमध्ये दररोज सकाळी आणि संध्याकाळी देवांना नैवेद्य दाखवला जातो. त्यासाठीचा अग्नी आजही लाकडावर लाकूड घासून पाडतात, आणि हा क्रम सुमारे १,५०० वर्षे चालत आल्याचे मानले जाते. ज्या देवतेमुळे अन्न मिळते तिला ओलांडून थेट सूर्यदेवतेकडे जाणे मला तरी प्रशस्त वाटत नाही.

आता खर्चाचा प्रश्न. नागोयाहून किंतेत्सु या खासगी रेल्वेची जलद आरक्षित गाडी इसेशी स्थानकापर्यंत साधारण ८० ते ८५ मिनिटांत पोहोचते आणि तेथून गेकूचे प्रवेशद्वार पाच-सात मिनिटांच्या चालीवर आहे. जपान रेल्वेचा पास असेल तर तो किंतेत्सुवर चालत नाही, हे ध्यानात ठेवावे. त्या पासवर ‘मिए’ नावाची जलद गाडी घेता येते, पण तिच्या वाटेतील एक टप्पा वेगळ्या कंपनीच्या रुळांवरून जात असल्याने त्या टप्प्याचे भाडे निराळे भरावे लागते. प्रवास इतका सरळ असल्यामुळे नागोयापासून बसने नेणारी महागडी सहल घेण्याऐवजी सकाळी इसेतच भेटणारा अर्ध्या दिवसाचा मार्गदर्शक घ्यावा, त्याच्यासोबत दोन्ही देवस्थाने करावीत आणि दुपारनंतर जवळच्याच फुतामी गावाच्या किनाऱ्यावर दोघांनीच जावे, असे मी सुचवीन. जपानमध्ये राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण होऊन नोंदणी झालेले दुभाषी मार्गदर्शक असतात. जानेवारी २०१८पासून नोंदणी नसलेल्यांनाही मोबदला घेऊन हे काम करण्याची मुभा मिळाली आहे. त्यांतही उत्तम माणसे आहेत. तरीही मार्गदर्शक नोंदणीकृत आहे का, एवढे विचारून घेण्यात संकोच करू नये.

तिसऱ्या वेळी मात्र आळसाने सगळ्याची सोय करणारी सहल घेतली आणि ती चांगलीच भोवली. खरेदीच्या गल्लीत दीड तास आणि फुतामीच्या किनाऱ्यावर वीस मिनिटे, असा तिचा हिशेब होता. त्या वीस मिनिटांत वाहनतळापासून चालत जाण्याचा वेळही धरलेला होता. त्यामुळे ‘किनाऱ्यावर थांबा’ या शब्दांपुढे किती मिनिटे लिहिली आहेत, हे आधी वाचावे.

प्रश्न : मुख्य देवालय कुंपणांच्या आड असून सामान्य माणसाला ते दिसतच नाही, शिवाय ते दर वीस वर्षांनी नव्याने बांधले जाते, असे वाचले. मग जे दिसत नाही आणि जे जुनेही नाही, ते पाहण्यासाठी एवढ्या लांब का जावे?

उत्तर : प्रश्न थोडा टोचून विचारला आहे, परंतु तो योग्य आहे. नाइकूचे मुख्य देवालय चार कुंपणांच्या आत आहे आणि भाविकाला बाहेरच्या कुंपणाच्या दाराशी, पांढऱ्या पडद्यासमोर उभे राहूनच नमस्कार करावा लागतो. वारा आला की तो पडदा क्षणभर उचलला जातो आणि आतले अंगण दिसते. आजूबाजूची जपानी माणसे त्या वाऱ्याची वाट पाहत रेंगाळताना मी पाहिली आहेत.

जुनेपणाविषयी थोडे विस्ताराने सांगावे लागेल. हिनोकी या सुगंधी लाकडाचे खांब थेट जमिनीत पुरून, वर गवताचे छप्पर घालून हे देवालय उभारतात. दगडी जोते नाही आणि लाकडाला रंग नाही, त्यामुळे मातीतला भाग दमट हवेत कुजू लागतो आणि गवतही झिजते. आहे तेच दुरुस्त करत बसण्याऐवजी दर २० वर्षांनी शेजारच्या मोकळ्या जागेवर हुबेहूब तसेच देवालय नव्याने बांधावे आणि रात्रीच्या अंधारात देवतेने तेथे स्थलांतर करावे, अशी योजना सातव्या शतकात झाली. या विधीला ‘शिकिनेन सेंगू’ म्हणतात. नाइकूमध्ये तो पहिल्यांदा ६९० साली आणि गेकूमध्ये ६९२ साली झाला. यादवी युद्धांच्या काळात तो शंभराहून अधिक वर्षे बंद पडला होता, त्यामुळे ‘अखंड १,३०० वर्षे’ असे जे वाचायला मिळते ते तितकेसे खरे नाही. बासष्टावा सेंगू २०१३ साली पार पडला, पुढचा २०३३ साली होईल आणि त्याच्या तयारीचे विधी २०२५मध्ये सुरूही झाले आहेत. प्रत्येक वेळी सुमारे १० हजार हिनोकी ओंडके लागतात. देवतेची वस्त्रे, तलवारी, आरसे, विणकाम अशा ७१४ प्रकारच्या १,५७६ वस्तूही जुन्या पद्धतीने नव्याने घडवल्या जातात. वीस वर्षे हा अवधी कारागिरांच्या दृष्टीने फार सोयीचा आहे: विशीत हाताखाली काम केलेला सुतार चाळिशीत मुख्य कारागीर होतो आणि साठीत शिकवतो. इमारत नवी असते, पण ती बांधणारा हात जुना असतो.

पाहण्यासारखे काय, तर ही शेजारची मोकळी जागा. गेकूच्या मुख्य देवालयाला लागून गोट्यांनी भरलेले रिकामे मैदान आहे आणि त्याच्या मध्यभागी छपराची एक लहानशी पेटी दिसते. देवालयाच्या मध्यभागी असणाऱ्या पवित्र खांबाची जागा तिने झाकलेली आहे. त्या मैदानात २०१३पर्यंत देवालय उभे होते आणि २०३३मध्ये पुन्हा उभे राहील. बहुतेक प्रवासी या मैदानाकडे पाठ करून छायाचित्रे काढत असतात.

उतरवलेल्या लाकडाचा प्रवासही मार्गदर्शकाकडून मुद्दाम ऐकावा. नाइकूत शिरताना इसुझु नदीवरचा १०१.८ मीटर लांबीचा उजी पूल ओलांडावा लागतो. त्याच्या दोन्ही टोकांना असलेल्या तोरी, म्हणजे लाकडी कमानी, जुन्या देवालयांच्या आढ्याला आधार देणाऱ्या मोठ्या खांबांपासून तयार केलेल्या असतात. आतली कमान नाइकूच्या खांबांची आणि बाहेरची गेकूच्या खांबांची. पुलावर वीस वर्षे काढल्यानंतर हीच लाकडे सेकी आणि कुवाना या जुन्या राजमार्गावरील गावांत पुन्हा कमानी म्हणून उभी राहतात. एकूण साठ वर्षांची सेवा झाली. पुलावरून जाताना कमानीच्या खांबावर हात ठेवून पाहा. येणारे-जाणारे सगळेच तसे करतात, त्यामुळे हाताच्या उंचीवर लाकूड गुळगुळीत होत जाते.

प्रश्न : आम्ही हिंदू आहोत. तेथे नमस्कार केलेला चालतो का आणि त्याची रीत काय? आणखी एक नाजूक शंका आहे. आमच्या घरी महिन्यापूर्वी सासऱ्यांचे निधन झाले. आमच्या मानाने सुतक फिटले आहे, पण तेथील समजुतीप्रमाणे देवस्थानात जावे की नाही?

उत्तर : नमस्काराला कोणाचीच आडकाठी नसते, धर्म कोणी विचारत नाही. तोरीपाशी क्षणभर थांबून किंचित वाकावे आणि वाटेच्या मधोमध चालू नये, कारण मधली वाट देवाची मानतात. गेकूमध्ये वाटेच्या डाव्या बाजूने आणि नाइकूमध्ये उजव्या बाजूने चालण्याची पद्धत आहे. हात धुण्याच्या कुंडावर उजव्या हातात पळी घेऊन आधी डावा हात, मग उजवा, नंतर डाव्या ओंजळीत पाणी घेऊन चूळ भरावी आणि शेवटी पळी उभी धरून उरलेल्या पाण्याने तिचा दांडा धुवावा, म्हणजे पुढच्या माणसाच्या हाती स्वच्छ दांडा जातो. पळीला तोंड लावू नये. नाइकूमध्ये कुंडाऐवजी इसुझु नदीच्या उतरत्या पायऱ्यांवर बसून हात धुता येतात, आणि जमल्यास तेथेच धुवावेत; पाणी नितळ आणि वसंतातही चांगलेच गार असते. देवासमोर दोनदा वाकावे, दोनदा टाळी वाजवावी आणि पुन्हा एकदा वाकावे. नाइकूच्या मुख्य देवालयाकडे जाणाऱ्या दगडी पायऱ्यांच्या खालपर्यंतच छायाचित्रे घेता येतात, वर नाही. पूर्वी सम्राटाशिवाय कोणी येथे अर्पण करू नये असा नियम होता, त्यामुळे मुख्य देवालयासमोर दानपेटी नाही. लोक आज पांढऱ्या कापडावर नाणी टाकतात, पण न टाकल्यास काही बिघडत नाही. जपानमध्ये इतरत्र मिळणाऱ्या भविष्याच्या चिठ्ठ्याही येथे नाहीत.

सुतकाविषयी विचारलेत, ते बरे केले. शिंतोमध्ये मृत्यूचा विटाळ मानतात, आणि जवळच्या नातेवाइकाच्या निधनानंतर साधारण ५० दिवस तोरीच्या आत जाऊ नये, असा प्रघात आहे. बौद्ध मंदिरांना हा नियम लागू नाही. परदेशी पाहुण्यांना दारात कोणी हटकणार नाही, हे खरे. तरीही ज्यांच्या देवघरी आपण जातो त्यांचा विधिनिषेध पाळावा, असे वाटत असेल तर ५० दिवस उलटल्यानंतरची तारीख धरावी. तारीख बदलणे शक्य नसेल, तर त्या दिवशी शिमाचा किनारा पाहावा. आगो उपसागरातील बेटे आणि मोत्यांच्या शेतीचे तराफे योकोयामा टेकडीवरून फार सुंदर दिसतात. मी तुमच्या जागी असतो, तर हेच केले असते.

प्रश्न : फुतामीच्या जोडखडकांमधून सूर्य उगवताना पाहायचा आहे. एका दिवसाच्या सहलीत ते जमेल का?

उत्तर : जमणार नाही. ‘मेओतो इवा’, म्हणजे पती-पत्नी खडक, यांच्यामधून सूर्योदय दिसतो तो साधारण मे ते जुलै या काळात, उन्हाळी अयनदिनाच्या मागेपुढे. त्या वेळी नागोयाहून निघणारी पहिली गाडी पोहोचेपर्यंत सूर्य चांगला वर आलेला असतो. त्यासाठी फुतामीतच मुक्काम करावा लागतो. हवा अगदी स्वच्छ असेल तर पहाटे सुमारे २०० किलोमीटरवरचा फुजी पर्वतही क्षितिजावर दिसतो. हिवाळ्यात सूर्याची जागा सरकते आणि त्याऐवजी पौर्णिमेच्या सुमारास चंद्र खडकांमधून वर येतो. हा देखावा ऑक्टोबर ते जानेवारी या काळात संध्याकाळी दिसत असल्यामुळे दिवसभराच्या सहलीलाही साधतो. त्याची गर्दीही कमी असते.

खडकांविषयी एक गैरसमज आहे. लोक त्यांनाच देव समजतात. मोठा खडक ९ मीटर उंच, लहान ४ मीटर, आणि दोघांना जोडणारे गवताचे जाड दोर. पण मुळात ही एक प्रकारची तोरीच आहे. सुमारे ७०० मीटर आत समुद्रात बुडालेला पवित्र दगड आणि उगवता सूर्य यांना या चौकटीतून नमस्कार करायचा असतो. प्रत्येकी ३५ मीटर लांबीचे हे पाच दोर वर्षातून तीनदा, ५ मे, ५ सप्टेंबर आणि डिसेंबरच्या मध्याला, बदलतात, आणि किनाऱ्यावर जमलेल्या लोकांनाही दोर हातोहात पुढे सरकवण्यासाठी हात लावू देतात. तुमची तारीख यांपैकी एखाद्या दिवसाजवळ येत असेल तर ती जुळवून घ्यावी.

दुपारी जाणाऱ्याने भरतीची वेळ पाहून जावे. ओहोटीला खडकांचे पाय उघडे पडतात आणि ते किनाऱ्यालगतच्या साध्या दगडांसारखे भासतात. भरतीला लाटा दोराखालून आत घुसतात, तेव्हा ते समुद्रात उभे असल्यासारखे वाटतात. देवस्थानात जिकडेतिकडे बेडकांच्या मूर्ती दिसतील. जपानीत बेडूक आणि ‘परत येणे’ या दोन्हींसाठी ‘काएरु’ हाच उच्चार असल्यामुळे प्रवासाला गेलेला माणूस सुखरूप परतावा म्हणून त्या वाहिलेल्या असतात. सूर्योदय न मिळालेल्या प्रवाशाने एखाद्या बेडकाला नमस्कार करून यावे.

प्रश्न : सोबत सत्तरी ओलांडलेल्या आई असून त्यांचे गुडघे दुखतात. शिवाय आम्ही शाकाहारी आहोत.

उत्तर : चालणे सपाटीवरचे आहे, पण वाटेवर सर्वत्र सुटे गोटे पसरलेले आहेत आणि दुखऱ्या गुडघ्यांना चढापेक्षा तेच अधिक त्रास देतात. जाड तळव्यांचे बूट घालावेत. प्रवेशद्वाराजवळ चाकांच्या खुर्च्या वापरायला मिळतात. नाइकूच्या मुख्य देवालयापुढे दगडी पायऱ्या आहेत. त्या चढवत नसतील तर आईंनी पायथ्याशीच हात जोडावेत. घाई टाळण्यासाठी वेळेकडेही लक्ष असावे: देवस्थान वर्षभर पहाटे ५ वाजता उघडते, परंतु ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये संध्याकाळी ५ वाजताच बंद होते.

खाण्याची गोष्ट थोडी अवघड आहे. तेथील प्रसिद्ध इसे उदोन म्हणजे खूप वेळ शिजवलेल्या, बोटाएवढ्या जाड आणि मऊ शेवया. त्यांवरचा काळा रस दिसायला निरुपद्रवी असला, तरी त्यात सुकवलेल्या माशांचा अर्क असतो. भाताच्या मुटक्यांमध्ये उमेबोशी, म्हणजे खारवलेले आंबट फळ, घातलेला प्रकार चालेल. गोडात अकाफुकु निर्धास्त खावा. १७०७पासून चालत आलेली ही मिठाई म्हणजे चिकट तांदळाचा पांढरा गोळा आणि त्यावर अझुकी या लाल कडधान्याचे गोड, गुळगुळीत पुरण. पुरणावर बोटांनी ओढलेल्या रेघा इसुझु नदीचे पाणी आणि खालचा पांढरा गोळा तळाचे गोटे, असा त्याचा अर्थ सांगतात. सकाळी नदीत हात धुतले असतील तर तो अर्थ समोरच्या बशीत लगेच ओळखू येतो.

प्रश्न : त्याच दिवशी तोबा येथील मोत्यांचे बेट आणि डुबक्या मारणाऱ्या स्त्रियाही पाहता येतील का?

उत्तर : दोन्ही देवस्थाने, फुतामी आणि तोबा हे सगळे एका दिवसात बसवणाऱ्या सहली आहेत, त्यांत कोणतीच गोष्ट धड होत नाही. तोबाच पाहायचे असेल तर फुतामीवर पाणी सोडावे. मिकिमोतो कोकिची यांनी १८९३ साली तोबाच्या ज्या बेटावर पहिले अर्धगोल संवर्धित मोती मिळवले, तेथे आज संग्रहालय आहे आणि ‘आमा’ म्हणजे पाणबुड्या स्त्रिया पांढऱ्या पोशाखात बुडी मारून दाखवतात. हे प्रात्यक्षिक आहे, रोजची मासेमारी नव्हे. या परिसरातील आमा आजही प्राणवायूच्या नळकांड्यांविना, एका श्वासावर, अबालोन (एक प्रकारची मोठी समुद्री गोगलगाय) आणि शंख-शिंपले काढतात, आणि त्यांच्या या कौशल्याला २०१७ साली राष्ट्रीय पातळीवर महत्त्वाचा अमूर्त लोकवारसा म्हणून मान्यता मिळाली. वर आल्यावर त्या कोंडलेला श्वास ओठांतून हळूहळू सोडतात, तेव्हा बारीक शीळ वाजल्यासारखा आवाज येतो. त्याला ‘इसोबुए’, म्हणजे किनाऱ्याची शीळ, म्हणतात. प्रेक्षकांच्या गलक्यात तो ऐकू येत नाही, म्हणून कठड्याच्या अगदी पुढच्या कडेला उभे राहावे. तोबाहून नागोयाला किंतेत्सुची थेट गाडी मिळते, त्यामुळे परतीसाठी पुन्हा इसेला उतरावे लागत नाही.